खालिद जमील : तळातल्या संघांनी घडवलेला कोच

सातरस्ता (धागाकर्ता)

नोव्हेंबर २०२५ मध्ये ढाक्यात बांगलादेशने आपल्या फुटबॉल संघाला १-० हरवलं. बावीस वर्षांत पहिल्यांदा. तेव्हापासून पार्क मैदानावर असो की ग्रुपवर, एकच मागणी ऐकतोय : राष्ट्रीय संघाचा कोच खालिद जमीलला काढा, बाहेरचा कोच आणा. मला ती पटत नाही. का पटत नाही हे दोन ओळींत सांगून भागणार नाही, म्हणून स्वतंत्र धागा काढतोय. सोलापुरात फुटबॉल बघणारे आपण थोडे, त्यात भारतीय फुटबॉल बघणारे आणखी थोडे. निदान आपण तरी या माणसाने कापलेली सगळी वाट बघावी आणि मगच मत बनवावं.

खालिदचा जन्म १९७७ चा, कुवेतचा. आईवडील भारतीय. आखाती युद्धाच्या सुमारास कुटुंब भारतात आलं आणि मुंबईत त्याचा खेळ उभा राहिला. मधल्या फळीतला खेळाडू. महिंद्रा, एअर इंडिया, परत महिंद्रा, आणि शेवटी २००७ साली नव्याने निघालेला मुंबई एफसी. भारताची जर्सीही घातली. पण दुखापतींनी त्याला सुखाने खेळू दिलं नाही. २००९ मध्ये, ऐन बत्तिशीत, तो खेळायचा थांबला आणि त्याच मुंबई एफसीचा कोच झाला.

लोक लगेच आयझॉलवर उडी मारतात. मला मात्र वाटतं, खालिदला समजून घ्यायचं तर मुंबई एफसीची ती सात वर्षं बघायला हवीत. क्लबकडे पैसा बेताचा. मुंबईतल्या कूपरेज मैदानाचं काम निघालं तेव्हा घरचे सामने पुण्यात बालेवाडीला खेळावे लागत. मुंबईचा संघ, आणि घरच्या सामन्याला बसने घाट उतरून-चढून जायचं. चांगले खेळाडू गोवा-कोलकात्याच्या क्लबांनी उचललेले असायचे. उरलेल्यांतून संघ बांधायचा आणि वर्षअखेर आय-लीगमध्ये, म्हणजे तेव्हाच्या देशाच्या मुख्य लीगमध्ये, टिकायचं, एवढंच काम. ते त्याने वर्षानुवर्षं केलं. विजेतेपद नाही, मथळे नाहीत, पण संघ खाली गेला नाही. २०१६ मध्ये क्लबने त्याला सोडलं. पुढच्याच मोसमात मुंबई एफसी तळाला जाऊन लीगबाहेर पडला. तो टिकवत होता म्हणजे नेमकं काय करत होता, हे तो गेल्यावर दिसलं.

त्याच मोसमात तो आयझॉलला गेला. आयझॉल एफसी आदल्या वर्षी आय-लीगमधून खाली घसरलेला. गोव्याच्या क्लबांनी माघार घेतली म्हणून त्यांना परत जागा मिळाली. खालिदने मुंबईचे ओळखीचे खेळाडू सोबत नेले, जयेश राणे आणि आशुतोष मेहता. सीरियाचा महमूद अल-आमना, लायबेरियाचा आल्फ्रेड जार्यान आणि बाकी मिझोरामची पोरं. २२ एप्रिल २०१७ ला आयझॉलमध्ये मोहन बागानला १-० हरवलं, झोहमिंग्लियाना राल्तेचा हेडर, सामना संपायला काही मिनिटं असताना. शेवटच्या सामन्यात, ३० एप्रिलला, शिलाँगमध्ये बरोबरी पुरेशी होती. समोरच्या शिलाँग लाजाँगने आधी गोल केला, मग विल्यम लालनुनफेलाने तो फेडला. १-१. १८ सामन्यांत ३७ गुण, बागानचे ३६. ईशान्येकडच्या क्लबने देशाची लीग पहिल्यांदा जिंकली.

पुढचं थोडक्यात. ईस्ट बंगाल, मोहन बागान, मग नॉर्थईस्ट युनायटेड, मग जमशेदपूर. १ ऑगस्ट २०२५ ला भारताचा कोच. सावियो मेदेरानंतर, म्हणजे तब्बल तेरा वर्षांनी, या खुर्चीवर भारतीय माणूस.

खुर्चीवर बसल्यावर काय झालं तेही मांडतो. ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये मध्य आशियातल्या काफा नेशन्स कपला ताजिकिस्तानला त्यांच्याच घरी २-१ हरवलं, इराणकडून ०-३ हरलो, अफगाणिस्तानशी गोलशून्य, आणि तिसऱ्या क्रमांकासाठी ओमानला पेनल्टीवर हरवलं. ओमानवर आपला हा पहिलाच विजय. आणि हे सगळं मोहन बागानचे खेळाडू क्लबने सोडलेले नसताना. ऑक्टोबरमध्ये आशियाई कपच्या पात्रता फेरीत मात्र घसरलो. सिंगापूरला जाऊन १-१, नंतर मडगावात १-२. आशियाई कपचं दार तिथेच बंद झालं. मग ढाका.

मडगावची हार खालिदच्या खात्यावर जाते, वाद नाही. छांगतेने सुरुवातीलाच गोल दिला होता, घरचं मैदान होतं. पण तो आला तेव्हा पात्रता फेरीतले दोन सामने होऊन गेले होते आणि आपल्याकडे एकच गुण होता. शिवाय २०२५-२६ च्या मोसमात आयएसएल, म्हणजे देशाची आताची सर्वांत वरची लीग, वेळेवर सुरूच झाली नाही. खेळाडूंच्या पायांत सामनेच नव्हते. अशा वेळी राष्ट्रीय संघाला कोण जिंकवून देणार?

बोला.

—

होटगीरोड

मालक, मस्त लिहिलंय. एक राहिलं. खेळत असताना ईस्ट बंगाल आणि मोहन बागान, दोघांनीही बोलावलं होतं त्याला. गेला नाही. दोन्ही जर्सींवर दारू कंपन्यांची नावं होती आणि ते त्याच्या श्रद्धेत बसत नव्हतं. त्या काळात कोलकाता म्हणजे पैसा आणि नाव दोन्ही. ते सोडून मुंबईत कंपनीच्या संघात राहायचं म्हणजे लई मोठी गोष्ट हाय.

—

पेठेतला_कोल्हापूरकर

कोल्हापूरचा आहे, नोकरीमुळे सोलापुरात. धागा आवडला, पण माझा मुद्दा वेगळा आहे. निकाल बाजूला ठेवा, खेळ बघवतो का? मागे दोन रांगा लावायच्या, बॉल लांब मारायचा, थ्रो-इन आणि कॉर्नरवर जीव टाकायचा. आमच्याकडे शाहू स्टेडियमवर पाटाकडील किंवा शिवाजी या आमच्या संघांनी असा खेळ केला तर घरचीच माणसं गॅलरीतून उठून जातील. राष्ट्रीय संघ बघून पोरांना बॉल पायात ठेवावासा वाटला पाहिजे. आयझॉल जिंकलं ते कौतुकाचंच, पण त्या संघात आधीपासून दम होता. २०१६ ला फेडरेशन कपची फायनल खेळले होते ते, खालिद येण्याच्या आधी. ते कुणी सांगत नाही.

—

सातरस्ता

फेडरेशन कपचा मुद्दा रास्त आहे, आणि बरं झालं तुम्ही मांडला. फायनल खेळले आणि बागानकडून ०-५ हरले. त्याच वर्षी लीगमधून खालीही गेले. म्हणजे दम होता, पण मोसमभर पुरत नव्हता. एखाद्या दिवशी बेफाम खेळणाऱ्या पोरांना १८ सामने एका शिस्तीत खेळवायचं, हे त्याने केलं.

खेळ बघवत नाही म्हणता ते मला निम्मं मान्य. जमशेदपूरचा २०२४-२५ चा मोसम नीट बघितला असेल तर आठवेल, तो संघ बॉल फार वेळ स्वतःकडे ठेवत नव्हता. पण हिसकावला की तीन-चार पासांत पुढे. लीगमध्ये पाचवा आला, प्लेऑफला शिलाँगमध्ये नॉर्थईस्टला २-० हरवलं, आणि सेमीफायनलला मोहन बागानला घरी २-१. दुसऱ्या सामन्यात अगदी शेवटी, भरपाई वेळेत बागानच्या अपुइयाने गोल केला म्हणून हरले, नाहीतर सामना जादा वेळेत गेला असता. बागानचं बजेट आणि जमशेदपूरचं बजेट एका ओळीत तरी लिहिता येतं का? कमी ताकदीचा संघ घेऊन मोठ्याच्या समोर उभं राहायचं तर मधली जागा बुजवावीच लागते. आशियात भारत आज कमी ताकदीचाच संघ आहे. इराणसमोर पाय पसरून खेळायचं म्हटलं तर तीनचे सहा होतील.

माझी तक्रार वेगळी आहे. कमी ताकदीचे असताना कसं खेळायचं ते खालिदला कळतं. मडगावात मात्र आपण घरचे होतो, एक गोल पुढे होतो, जिंकणं भाग होतं. तिथे सामना ताब्यात ठेवायला जे लागतं ते अजून दिसलं नाही. आयुष्यभर ज्याला कमीतला संघ मिळाला, त्याने हे शिकायचं कुठे?

—

विजापूरवेस

शिकायला मिळालं होतं की. ईस्ट बंगाल २०१७-१८. पैसा होता, खेळाडू होते, अल-आमनाही सोबत आणला होता. चौथे आले. मोहन बागानविरुद्धच्या दोन्ही डर्बी हरले. नंतर २०१९ च्या जानेवारीत बागानला गेला, तिथेही डर्बी ०-२. ज्या संघाकडून जिंकण्याचीच अपेक्षा असते तो संघ त्याला पेलत नाही, हे तेव्हाच दिसलं होतं. माणूस म्हणून मला तो आवडतो. पत्रकारांसमोर दोन वाक्यांपलीकडे जात नाही, श्रेय खेळाडूंना देतो. पण देशाचा कोच म्हणून मला प्रश्न आहे आणि तो मी विचारणार.

—

बाळीवेसकर

माझं वय पासष्टीच्या पुढे गेलं, तेव्हा थोडं मागचंही सांगतो.

खेळाडूचा कोच होणं आपल्याकडे नवं नाही. पी. के. बॅनर्जी घ्या. १९६० च्या रोम ऑलिंपिकला कप्तान, १९६२ च्या आशियाई स्पर्धेत सुवर्ण. आणि हा माणूस खेळला कुणाकडून? ईस्टर्न रेल्वेकडून. कोलकात्याच्या मोठ्या क्लबांत गेलेच नाहीत. १९५८ ला ईस्टर्न रेल्वेने कोलकाता लीग जिंकली होती, त्यात पीके होते. आमच्या रेल्वे लाइन्समध्ये ही गोष्ट अभिमानाने सांगितली जायची, कारण वडील रेल्वेत आणि पोरं रेल्वेच्या मैदानावर. पुढे पीके कोच झाले आणि १९७७ ला पेलेचा कॉसमॉस संघ ईडन गार्डन्सवर आला तेव्हा मोहन बागानने त्याला २-२ असं रोखलं, ते पीकेंच्या हाताखाली. दुसऱ्या दिवशी पेपर मिळाला नव्हता, इतकी मागणी.

नईमुद्दीनसाहेब १९७० च्या बँकॉक आशियाई स्पर्धेत कांस्य जिंकणाऱ्या संघाचे कप्तान, पुढे राष्ट्रीय संघाचे कोच. सुखविंदरसिंगांनी जेसीटीला १९९६-९७ ची पहिली राष्ट्रीय लीग जिंकून दिली, आणि २००१ ला वर्ल्ड कप पात्रतेत भारताने त्यांच्याच हाताखाली बंगळुरात यूएईला हरवलं.

डेरिक परेराही त्यातलेच. भारताकडून खेळले, मग महिंद्राला २००५-०६ ची लीग जिंकून दिली. पुढे पुणे एफसीचे कोच. मला जे आठवतं ते बालेवाडीचं. सकाळची हुतात्मा एक्सप्रेस धरून मी आणि माझा भाचा पुणे एफसी विरुद्ध मुंबई एफसी बघायला जायचो. एका बेंचवर डेरिक, दुसऱ्या बेंचवर खालिद. दोघे एकाच मुंबईच्या फुटबॉलमधले. डेरिक उभे राहून शांतपणे हाताने खुणा करायचे. खालिद सगळा वेळ रेषेवर, बॉल जाईल तिकडे मान आणि पाय दोन्ही. प्रेक्षक फार नसत, त्यामुळे त्याचं ओरडणं स्टँडमध्ये स्पष्ट ऐकू यायचं. मला त्याचं एक लक्षात राहिलं : चुकलेल्या पोराला तो ओरडायचा, पण बदली करून बाहेर काढताना त्याच पोराच्या पाठीवर हात असायचा.

आता महिंद्रा नाही, २०१० ला बंद केला. पुणे एफसी नाही, मुंबई एफसी नाही. ज्या क्लबांत हे कोच तयार झाले त्यातला एकही उरला नाही. विजापूरवेसभाऊ, तुमचा प्रश्न योग्य आहे. पण खालिदच्या जागी आणायला दुसरा भारतीय माणूस शोधायचा तर तो घडणार कुठल्या क्लबात, हेही विचारा.

—

होटगीरोड

अण्णा, बालेवाडीचं वाचून अंगावर काटा आला. अजून लिहा की.

—

पेठेतला_कोल्हापूरकर

बाळीवेसकर काका, नमस्कार. तुमचा शेवटचा मुद्दा डोक्यात बसला. कोल्हापुरात तालमी आहेत म्हणून खेळ जिवंत आहे. अनिकेत जाधव २०१७ च्या सतरा वर्षांखालच्या वर्ल्ड कपला खेळला तेव्हा सगळं गाव जागं होतं. पण तालमीतून खेळाडू निघतो, कोच क्वचितच निघतो. खेळणं संपलं की पोरगं नोकरीला लागतं आणि रविवारी गॅलरीत बसतं. हे आमच्याकडेही आहे.

—

क्रीडाशिक्षिका_सोलापूर

सगळे जण मोठ्या कोचबद्दल बोलताय, मी छोट्या कोचबद्दल बोलते.

मी इथल्या एका शाळेत खेळ शिकवते. आपल्या शहरात खो-खो आणि क्रिकेटला मार्गदर्शक मिळतात. फुटबॉलला मिळत नाहीत. मैदानाची अडचण आहेच. एका ठिकाणी मुलींचा सराव लावला होता, तर लग्नसराईत तिथे मांडव पडायचा आणि नंतर महिनाभर जमिनीत खुंट्यांचे खड्डे. उन्हाचं तर बोलायलाच नको, मार्चपासून सकाळी साडेआठनंतर पोरींना मैदानावर उभं करणं मला धोक्याचं वाटतं. पण खरी कमतरता शिकवणाऱ्याची. जिल्ह्याकडून, विद्यापीठाकडून खेळलेली मुलं-मुली आहेत. बावीस-तेवीसला खेळ सुटतो आणि त्यांनी जे कमावलं ते त्यांच्याबरोबर संपून जातं. त्यांना कुणी सांगतच नाही की इथून पुढेही फुटबॉलमध्येच राहता येतं.

खालिद जमील यांच्या कारकिर्दीतली मला सर्वांत मोलाची वाटते ती २०१९ ते २०२१ ही वर्षं, ज्यांवर धाग्यात अजून कुणी बोललं नाही. लीग जिंकून दिलेला, कोलकात्याच्या दोन्ही क्लबांचा कोच राहिलेला माणूस नॉर्थईस्टमध्ये सहाय्यक म्हणून गेला. दुसऱ्याच्या हाताखाली. आपल्याकडे मोठ्या शाळेतून छोट्या शाळेत बदली झाली तरी लोक तोंड दाखवत नाहीत. जानेवारी २०२१ मध्ये जेरार्ड नूस यांना काढलं तेव्हा संघ मधेच अडकलेला होता. खालिद यांनी हंगामी म्हणून घेतला आणि साखळीतला एकही सामना न हरता तिसऱ्या क्रमांकावर नेला. ३३ गुण. भारतीय कोचने आयएसएलचा संघ सेमीफायनलला नेला, तोपर्यंत हे कुणी केलं नव्हतं. सगळे सामने गोव्यात, बंद दाराआड, रिकाम्या स्टेडियममध्ये. त्यानंतर कुठे त्यांना पूर्ण वेळ नेमलं, आयएसएलमधला पहिला भारतीय पूर्णवेळ मुख्य कोच म्हणून.

पुढच्याच मोसमात संघ अकरांत दहावा आला, तेही सांगायला हवं. तरी ते खेळ सोडून गेले नाहीत. जमशेदपूरला पुन्हा मोसमाच्या मध्यावर, बिघडलेला संघ हातात घेतला. अखिल भारतीय फुटबॉल महासंघाने २०२३-२४ आणि २०२४-२५, दोन्ही वर्षी सर्वोत्तम कोच म्हणून त्यांनाच निवडलं.

माझ्या मुलींना मी सुनील छेत्रीचे गोल दाखवते, आणि ही गोष्टही सांगते.

—

विजापूरवेस

ताई, सहाय्यक म्हणून जाण्याचा मुद्दा माझ्या लक्षात नव्हता आला. त्याने माझा प्रश्न संपत नाही, पण वजन बदललं. मी एवढंच म्हणेन, करार आहे तोवर राहू दे. नवा कोच आणला तरी लीग सुरू नसेल तर तोही याच खेळाडूंसमोर उभा राहणार. आधीच्या परदेशी कोचांपैकी स्टिमॅचला पाच वर्षं दिली, मानोलोला जेमतेम वर्ष झालं, आणि खालिदला चार महिन्यांत जाब विचारतोय.

—

लाइनमन_१०

मी बावीस वर्षांचा. विद्यापीठ संघाकडून लेफ्ट बॅक खेळलो. गुडघ्याचं ऑपरेशन झालं, आता पूर्ण जोराने खेळता येणार नाही असं डॉक्टर म्हणाले. ताई, तुम्ही लिहिलंय की पुढेही फुटबॉलमध्ये राहता येतं. सुरुवात कुठून करायची? खालिद जमील प्रो लायसन्सवाले, तिथवर जायला काय काय लागतं? घरी सांगायचंय म्हणून नीट माहिती हवीये.

—

क्रीडाशिक्षिका_सोलापूर

बाळा, गुडघा आधी पूर्ण बरा होऊ दे, फिजिओ सांगेल तितके दिवस व्यायाम चुकवू नकोस. कोचला पळून दाखवावं लागतं, अगदी जोरात नाही तरी.

पायऱ्या अशा : ई, मग डी, सी, बी, ए आणि शेवटी प्रो. तू खेळलेला आहेस, त्यामुळे डी लायसन्सपासून विचार कर. अठरा वर्षं पूर्ण लागतात. साधारण आठवडाभराचा कोर्स असतो, वर्गही आणि मैदानही, शेवटी तुझ्याकडून सराव घेऊन बघतात. महाराष्ट्रात हे कोर्स वेस्टर्न इंडिया फुटबॉल असोसिएशन घेते, नोंदणी महासंघाच्या संकेतस्थळावरून होते. जागा कमी असतात, तारीख जाहीर झाली की लगेच अर्ज भर. डी झाल्यावर लगेच सीच्या मागे लागू नकोस. मधे काही काळ लहान मुलांना शिकव. वरच्या कोर्सला तू कुठल्या संघाबरोबर काम केलंस ते विचारतात, आणि खरं शिक्षण तिथेच होतं. आयएसएलमध्ये मुख्य कोच व्हायला प्रो लागतं, तिथवर जायला कित्येक वर्षं जातात. घरी हेही सांग.

उत्पन्नाचं स्पष्ट सांगते. नुसत्या डीवर घर चालत नाही. शाळेचं काम, अकादमीचे तास असं जोडून सुरुवात होते. बी.पी.एड. सोबत केलंस तर शाळेची वाट उघडी राहते.

—

बाळीवेसकर

लाइनमन, रेल्वे मैदानावर सकाळी सहाला दहा-बारा वर्षांची काही पोरं बॉल घेऊन येतात. शिकवायला कुणी नाही, मोठी पोरं त्यांना गोलीत उभं करतात आणि मारत बसतात. मी रोज फिरायला तिथेच असतो. कोर्सची तारीख लागेपर्यंत येऊन उभा राहा, परवानगीचं मी बघतो.

—

लाइनमन_१०

येतो काका. सोमवारपासून. बॉल माझ्याकडे दोन आहेत, कोन नाहीत.

—

सातरस्ता

कोन माझ्याकडे आहेत, बिब्सपण आहेत जुने. रविवारी संध्याकाळी पार्कच्या गेटवर देतो. व्यक्तिगत निरोप कर.

आणि कोल्हापूरकर, तुम्ही थ्रो-इन आणि कॉर्नरला नाकं मुरडलीत म्हणून एक सामना सुचवतो. काफामधला ताजिकिस्तानचा पहिला अर्धा तास परत बघा. अन्वर अलीचा गोल आणि झिंगनचा गोल, दोन्ही. बॉल कुठे पडणार हे आपल्या पोरांना आधी माहीत होतं आणि समोरच्यांना नव्हतं. दहाएक दिवसांच्या शिबिरात एवढं बसवलं होतं. बघून झालं की लिहा, त्यावर पुढे बोलू.